निकाह हे व्यसनावरचे औषध नाही

‘युफोरिया’ या अमेरिकी मालिकेचा दुसरा हंगाम जानेवारी 2022 मध्ये आला. त्यातली उघडी दृश्ये अनेकांना खटकली आणि ती तक्रार रास्तही आहे. पण विषय तेवढ्यावर संपत नाही. पाचव्या भागात रू या शाळकरी मुलीच्या गोळ्या फेकून दिल्या जातात. ती घरात तोडफोड करते, आईला आणि धाकट्या बहिणीला नको ते बोलते. व्यसन एकट्याचे राहत नाही, ते सगळ्या घराचे होते, हे तिथे नीट दिसते.

रूला आधार देणारा अली मुसलमान आहे आणि स्वतः नशेतून बाहेर आलेला आहे. रू त्याला दुखावते, पुढे फोन करून माफी मागते. तो तिच्या घरी येऊन स्वयंपाक करतो. तौबेचा दरवाजा उघडा ठेवणे म्हणतात ते हेच.

आता गंगाखेडच्या एखाद्या मोहल्ल्याचा विचार करा. मुलगा खोकल्याचे औषध किंवा झोपेच्या गोळ्या नशेसाठी घेतो, हे अम्मीला आधी कळते. ती अब्बांपासून लपवते, अब्बा बिरादरीपासून. मग कोणी वडीलधारे सुचवतात : निकाह लावून द्या, जबाबदारी आली की सुधारेल. मुलीच्या घरच्यांना कोणी काही सांगत नाही. मालिकेतला नेट मॅडीला पिस्तूल दाखवून धमकावतो. आपल्याकडे पिस्तूल लागत नाही. ‘आता तूच त्याला सांभाळ’ एवढे पुरते. सत्य लपवून मिळवलेली ‘कबूल है’ ही संमती नव्हे, फसवणूक आहे.

व्यसन हा आजार आहे, हे महाराष्ट्राला नवीन नाही. अनिल आणि डॉ. सुनंदा अवचट यांनी पु. ल. आणि सुनीता देशपांडे यांच्या मदतीने 1986 मध्ये पुण्यात ‘मुक्तांगण’ सुरू केले. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्यातही दारू आणि अमली पदार्थांमुळे होणारे मानसिक विकार येतात. पोलिसांच्या भीतीने उपचार टाळणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट लक्षात घ्यावी : 1985 च्या अमली पदार्थविरोधी कायद्याचे कलम 64-अ अल्प प्रमाणाच्या प्रकरणात स्वतःहून उपचार घेणाऱ्या व्यसनीला खटल्यापासून संरक्षण देते.

म्हणून तीन मागण्या. इमामसाहेबांनी जुम्याच्या बयानात नशा हराम आहे हे सांगताना उपचाराचा रस्ताही सांगावा. निकाह ठरवताना मुलाचे व्यसन लपवणाऱ्यांना जमातीने जाब विचारावा. आणि गंगाखेडच्या सरकारी रुग्णालयात व्यसनमुक्तीसाठी समुपदेशक नियमित मिळावा, यासाठी तरुणांनी सह्यांचे निवेदन द्यावे.

तोवर राष्ट्रीय व्यसनमुक्ती हेल्पलाइनचा 14446 आणि मानसिक आरोग्यासाठी ‘टेली मानस’चा 14416 हे दोन नंबर फोनमध्ये ठेवा. मित्र अडचणीत असेल तर त्याची बदनामी करू नका. त्याच्याजवळ बसा आणि नंबर लावून द्या.