व्हेनिसला पोहोचलेला मराठी चित्रपट नांदेड-लातूरला कधी?

स्वतंत्र चित्रपटकाराची कारकीर्द पारितोषिकांनी घडते, परंतु टिकते ती प्रेक्षकांवर. चैतन्य ताम्हाणे या मराठी दिग्दर्शकाची वाटचाल पाहताना नेमका हाच पेच समोर येतो.

ताम्हाणे यांचा पहिला चित्रपट ‘कोर्ट’ २०१४ मध्ये व्हेनिस महोत्सवात दाखल झाला, तेव्हा ते अवघे २७ वर्षांचे होते. तेथे ‘ओरिझोन्ती’ विभागातील सर्वोत्तम चित्रपटाचा आणि पदार्पणाचा असे दोन्ही सन्मान त्याला मिळाले. पुढे राष्ट्रीय सुवर्णकमळ लाभले आणि २०१५ मध्ये ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका म्हणूनही निवड झाली. निर्माते विवेक गोम्बर यांचा विश्वास आणि रॉटरडॅम महोत्सवाच्या ह्युबर्ट बाल्स निधीचे साहाय्य यांवर हा चित्रपट उभा राहिला. दुसरा चित्रपट ‘द डिसायपल’ यायला सहा वर्षे लागली. २०२० मध्ये व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत त्याला सर्वोत्तम पटकथेचे पारितोषिक मिळाले. मीरा नायर यांच्या ‘मॉन्सून वेडिंग’नंतर (२००१) या स्पर्धेत निवडला गेलेला तो पहिलाच भारतीय चित्रपट होय.

मात्र ३० एप्रिल २०२१ रोजी तो भारतीय प्रेक्षकांसमोर आला तो नेटफ्लिक्सवर. ‘कोर्ट’ निदान चित्रपटगृहांत लागला होता. त्याच महिन्यात, एप्रिल २०१५ मध्ये, राज्य सरकारने मल्टिप्लेक्सनी मराठी चित्रपटांना मोक्याची वेळ द्यावी, असा आग्रह धरला होता. पण भाषेची अट पाळताना चित्रपटगृहाचा मालक गर्दी खेचणाराच मराठी चित्रपट निवडणार, हे उघड आहे. शासकीय अनुदानाचा रोखही प्रामुख्याने निर्मितीकडे आहे; प्रदर्शनाचा प्रश्न तसाच राहतो.

फ्रान्समध्ये व्यवस्था निराळी आहे. १९४६ मध्ये स्थापन झालेल्या तेथील राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे प्रत्येक तिकिटातून कर जमा होतो. त्यातून केवळ निर्मात्यांनाच नव्हे, तर कलात्मक चित्रपट दाखविणाऱ्या लहान गावांतील चित्रपटगृहांनाही आधार मिळतो. म्हणूनच तेथील स्वतंत्र दिग्दर्शक धंदेवाईक यशाविना दीर्घकाळ काम करू शकतो.

‘कोर्ट’चा नायक लोकशाहीर आहे. शाहिरी जलशांची परंपरा जपणाऱ्या मराठवाड्याला तो परका नाही. उणीव रसिकांची नसून पडद्याची आहे. नांदेडला शंकरराव चव्हाण प्रेक्षागृह आहे, स्वामी रामानंद तीर्थ विद्यापीठ आहे, लातूरला त्याचे उपकेंद्र आहे. महिन्यातून एक खेळ, माफक तिकीट आणि त्यातील वाटा थेट निर्मात्याला, एवढी सुरुवातही पुरेशी ठरेल. पारितोषिके परदेशाने द्यावीत आणि आपण केवळ अभिनंदनाचे फलक लावावेत, ही रीत किती काळ चालणार?