काराकुमची सून

ज्या भाषेचे प्रेक्षक मोजके, त्या भाषेतील चित्रपटाकडे नफ्यासाठी पैसा गुंतवणारा धनिक फिरकत नाही. मग त्या भाषेने पडद्यावर बोलूच नये काय? तुर्कमेन दिग्दर्शक खोजाकुली नारलियेव यांची कारकीर्द या प्रश्नाचे सडेतोड उत्तर आहे.

१९३७ साली जन्मलेले नारलियेव मॉस्कोच्या राज्य चित्रपट संस्थेत छायाचित्रणकला शिकले. बुलात मन्सुरोव्ह यांच्या ‘स्पर्धा’ (१९६३) या चित्रपटाचे छायाचित्रण त्यांनीच केले. त्यातील लोकगायक शुकूर बख्शी बंदिवान भावाच्या सुटकेसाठी शस्त्र उचलीत नाही. दुतार वाजवून तो त्याला सोडवितो.

स्वतः दिग्दर्शक म्हणून नारलियेव यांनी ‘सून’ (१९७२) निर्माण केला. पती महायुद्धात गेला आहे, तो परतलेला नाही. ओगुलकेयिक वृद्ध सासऱ्यासह काराकुमच्या वाळवंटात मेंढ्या राखते आणि वाट पाहते. एवढेच कथानक! परंतु युद्धाने सामान्य माणसाकडून काय हिरावून घेतले, याचा हिशेब येथे या स्त्रीच्या मूक श्रमांतून मांडला जातो. माया-गोझेल आयमेदोवा यांनी ही भूमिका साकारली. चित्रपटाला सोव्हिएत संघाचे राज्य पारितोषिक लाभले. नारलियेव यांच्या पुढील अनेक चित्रपटांतही स्त्रीच केंद्रस्थानी राहिली.

१९९० साली चिंगीझ आइत्मातोव्ह यांच्या कादंबरीतील दंतकथेवर त्यांनी ‘मानकुर्त’ काढला. डोक्यावर उंटाचे ओले कातडे आवळून ज्याची स्मृती नष्ट केली, तो गुलाम अखेर धन्याच्या आज्ञेवरून जन्मदात्या मातेचाच वध करतो. हा इशारा केवळ प्राचीन काळातील आक्रमकांपुरता नव्हता, हे सोव्हिएत वाचकही ओळखून होते.

१९९१ मध्ये सोव्हिएत संघ विसर्जित झाला आणि स्वतंत्र तुर्कमेनिस्तानात चित्रनिर्मिती जवळजवळ थंडावली. २००१ साली तर राष्ट्राध्यक्ष नियाझोव्ह यांनी ऑपेरा व बॅले यांवरच बंदी घातली.

यातून दुहेरी बोध घ्यावयास हवा. सार्वजनिक आधाराविना छोट्या राष्ट्राचा चित्रपट जगू शकत नाही. बाजार त्याला मुळात जन्मच घेऊ देत नाही. पण तो आधार एकाच सत्ताधीशाच्या मुठीत राहिला, तर देणारा हातच एके दिवशी गळाही आवळतो. म्हणून पैसा जनतेचा असावा आणि निर्णयात कलावंतांचा व जनतेचा आवाज असावा. अन्यथा स्मृती गमावण्याची पाळी केवळ दंतकथेतील गुलामावरच येते असे नाही!