विश्लेषण : समालोचक गावस्करांचे मानधन कोण देतो, हे महत्त्वाचे का?

सुनील गावस्कर १९८७ मध्ये निवृत्त झाले, तेव्हा त्यांच्या नावावर कसोटीतील १०,१२२ धावा आणि ३४ शतके होती. कसोटी क्रिकेट ते १६ वर्षे खेळले. समालोचक म्हणून त्याच्या दुपटीहून अधिक काळ ऐकू येत आहेत.

स्पष्टवक्तेपणा कुठून आला?

गावस्कर दादर युनियनमध्ये घडले. मामा माधव मंत्री आणि वासू परांजपे यांच्या या क्लबात शिस्तीला मोल होते. डिसेंबर २०२४ मध्ये मेलबर्नला ऋषभ पंतच्या बेजबाबदार फटक्यावर ते कडाडले, तेव्हा तीच तालीम बोलत होती.

मग प्रश्न कुठे येतो?

खेळाडूचा फटका चुकला हे सांगणे सोपे, मंडळाचा निर्णय चुकला हे सांगणे अवघड. २००८ मध्ये आयसीसीच्या क्रिकेट समितीचे अध्यक्षपद की माध्यमांतील काम, असा पेच आला. गावस्करांनी अध्यक्षपद सोडले. पुढे मात्र बीसीसीआयच्या करारावर समालोचन केल्याबद्दल त्यांच्यावर टीका झाली. २०२० मध्ये बीसीसीआयने संजय मांजरेकर यांना समालोचकांच्या यादीतून वगळले.

प्रेक्षकांनी काय मागावे?

समालोचकाचा करार कोणाशी आहे, हे प्रक्षेपणातच जाहीर व्हावे. गावस्करांच्या शब्दाला वजन आहे, म्हणूनच तो कोणाच्याही बांधिलकीत नाही याची खात्री प्रेक्षकाला हवी.