नकार द्या, पण लेखी द्या!

शेतीसंरक्षण बंदूक ही आमच्या जिल्ह्यात चैनीची वस्तू नाही. मालवणच्या माडांवर वानर, भातात रानडुक्कर, वर दोडामार्गच्या बाजूला गवे. ज्याच्या घरी वाडवडिलांपासून बंदूक आहे तो बार काढून जनावर पळवतो. ज्याच्या घराण्यात ती कधी आलीच नाही तो पत्र्याचा डबा बडवतो आणि परवान्यासाठी अर्ज करतो. मग वर्ष जाते. विचारले की उत्तर ठरलेले : ‘पोलीस अहवाल आला नाही.’

हेतू काहीही असो, हा नकारच आहे, आणि तोही जबाबदारी न घेता दिलेला. शस्त्र अधिनियम, 1959 च्या कलम 14 प्रमाणे परवाना नाकारताना कारणे लेखी नोंदवावी लागतात. कलम 18 प्रमाणे त्या आदेशावर अपील करता येते. आदेशच काढला नाही तर अपील कशावर करायचे? धनदांडग्याची फाईल फोनवर हलते. आमची फाईल कपाटात झोपते.

‘अहवाल नाही’ ही सबब कायद्यापुढे टिकत नाही. शस्त्र नियम, 2016 नुसार पोलिसांनी 30 दिवसांत अहवाल द्यायचा आणि तो मिळाल्यापासून 60 दिवसांत निर्णय व्हायचा. अहवाल वेळेत आला नाही तर त्याची वाट न पाहता आदेश काढण्याची मुभा कलम 13 मध्येच आहे. शिवाय खऱ्या शेतीसंरक्षणासाठी ठासणीची बंदूक मागितली, तर कलम 14 चे अपवाद सोडून परवाना देणे बंधनकारक आहे.

आणि ‘तुझी जमीन ती केवढी?’ असे कुणी विचारले, तर त्याला कलम 14(2) दाखवा. पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणावरून परवाना नाकारता येत नाही. ज्या कोकणातली खोती मोडण्यासाठी बाबासाहेबांनी 1937 साली विधेयक मांडले, तिथे हे कलम तोंडपाठ हवे.

आता उपाय. मुदत उलटली की कलम 13 चा हवाला देऊन स्मरणपत्र द्या. माहिती अधिकारात फाईल कोणत्या टेबलावर किती दिवस होती ते मागा. बदल्या व दिरंगाईविषयीच्या 2005 च्या राज्य कायद्याप्रमाणे साधारणपणे सात कामाच्या दिवसांहून अधिक काळ फाईल एका कर्मचाऱ्याकडे राहता कामा नये. हेतुपुरस्सर विलंब केल्यास शिस्तभंगाची कारवाई होते. तरीही हालचाल नसेल तर अनुच्छेद 226 खाली रिट याचिका. तिथे ‘परवाना द्या’ असे मागू नका. ‘ठरावीक मुदतीत निर्णय द्या’ एवढेच मागा. ती मागणी नाकारणे न्यायालयालाही अवघड जाते. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच आहे, सिंधुदुर्ग त्याच्याच अखत्यारीत येतो. मुंबईचा खर्च वाचला.

मात्र अर्जाची आणि प्रत्येक स्मरणपत्राची शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय कचेरीची खिडकी सोडू नका. वकील सगळ्यात आधी तीच मागतील.