निषिद्ध आवाजाचे वारस, आवाजबंदीचे पहारेकरी

12 डिसेंबर 2020 रोजी इराणच्या राजवटीने रुहोल्ला झाम या पत्रकाराला फासावर चढवले. त्याचा गुन्हा कोणता? फ्रान्समध्ये आश्रय घेऊन तो आपल्या देशबांधवांपर्यंत बातम्या पोचवत होता. 2019 मध्ये त्याला फसवून इराकमध्ये आणले, तिथून उचलून इराणात नेले आणि गळ्याला दोर लावला. मार्च 2024 मध्ये ‘इराण इंटरनॅशनल’ या वाहिनीच्या निवेदकाला लंडनमध्ये त्याच्या घराबाहेर भोसकण्यात आले. त्याच्या आदल्या वर्षी धमक्यांमुळे या वाहिनीला लंडनचा स्टुडिओ बंद करून काही महिने वॉशिंग्टनला मुक्काम हलवावा लागला होता. फौज, तुरुंग, तेल, तोफा सगळे हाताशी असलेली राजवट हजारो मैलांवरच्या एका माइकला इतकी भिते!

अलिबाग-मुरूडच्या वाचकाला याच्याशी काय कर्तव्य, असे म्हणणाऱ्यांना आम्ही आधी शिरढोणला नेऊ. पनवेल तालुक्यातल्या या गावचे वासुदेव बळवंत फडके इंग्रजांनी एडनला नेऊन डांबले. 1883 च्या फेब्रुवारीत ते तुरुंगातून निसटले, पुन्हा पकडले गेले, त्यांनी अन्न सोडले आणि चार दिवसांत देह ठेवला. त्यांचा एक शब्दही तेव्हा या किनाऱ्यापर्यंत पोचू शकला नाही. मायभूमीपासून तोडलेल्या माणसाचा आवाजही तोडून टाकायचा, हा जुलमी सत्तेचा जुनाच कायदा आहे. तो आपण आपल्याच मातीतल्या माणसावर चाललेला पाहिला आहे.

आता कुंडलिका नदीच्या मुखाशी या. अलीकडे रेवदंडा, पलीकडे कोर्लई. 1740 मध्ये पोर्तुगीज इथून गेले, तरी त्यांच्या भाषेच्या मिश्रणातून घडलेली बोली कोर्लईच्या घराघरांत आजही बोलली जाते. जी सत्ता मराठ्यांनी इथून हाकलली, ती गोव्यात आणखी दोनशेहून अधिक वर्षे ठाण मांडून राहिली. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या अमलाखालच्या गोव्यात लग्नाची पत्रिकासुद्धा सेन्सॉरच्या शिक्क्यावाचून छापता येत नसे. 18 जून 1946 रोजी मडगावात भाषणाला उभे राहिलेल्या डॉ. राममनोहर लोहियांना तिथेच अटक झाली. गोवा मुक्तीचे पुढारी त्रिस्ताव ब्रागांझ कुन्यांना पोर्तुगालमधल्या पेनिशच्या किल्ल्यात नेऊन कोंडले. 15 ऑगस्ट 1955 रोजी निःशस्त्र सत्याग्रही सीमा ओलांडून गेले, तेव्हा त्यांच्यावर गोळ्या झाडल्या आणि वीसहून अधिक जण ठार झाले. त्यानंतर सीमा बंद झाली. आत कोणी जाऊ शकत नव्हते आणि आतली हाक बाहेर ऐकू येत नव्हती.

अशा वेळी 25 नोव्हेंबर 1955 रोजी, पोर्तुगीज सेनानी अल्बुकर्कने गोवा घेतल्याच्या तारखेलाच, आंबोलीच्या रानातून एक नभोवाणी बोलू लागली. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो हे तिचे चालक. दादरा-नगर हवेलीच्या मुक्तिलढ्यात पोर्तुगीजांकडून हिसकावलेले दोन बिनतारी संच, त्यांतून उभारलेले प्रक्षेपण यंत्र आणि ते वाहून नेणारा ट्रक एवढाच या केंद्राचा संसार. पुढे ते कॅसलरॉकच्या जंगलात हलले. कोकणी आणि पोर्तुगीज अशा दोन भाषांतून सहा वर्षे ही दोन माणसे रानात राहून बोलत राहिली. पोर्तुगीज सरकार आपल्या नभोवाणीवरून जे जे सांगे, त्यातले खोटे ती उघडे पाडत. जग गोव्याविषयी काय बोलते आहे, हे गोमंतकीयाला त्याच्या घरात ऐकू येऊ लागले. 19 डिसेंबर 1961 ला गोवा मुक्त झाला, तेव्हा याच दोघांनी विमानात बसून ध्वनिक्षेपकावरून ती वार्ता गोव्याच्या आकाशातून सांगितली. ज्यांना भूमीवर बोलायची बंदी होती, त्यांनी आभाळातून स्वातंत्र्य जाहीर केले! वामनराव 1994 मध्ये गेले. लिबियाबाईंना शंभराव्या वर्षी, 2025 मध्ये, पद्मश्री मिळाली. इतका उशीर का, या प्रश्नाची लाज आता दिल्लीने बाळगावी.

त्याआधी 1942 च्या ऑगस्टमध्ये मुंबईत उषा मेहता आणि त्यांच्या सोबत्यांनी काँग्रेस रेडिओ चालवला होता. पोलीस मागावर असल्याने जागा बदलत, अच्युतराव पटवर्धन आणि लोहियांच्या साथीने, 12 नोव्हेंबरच्या अटकेपर्यंत तो बोलत राहिला. आष्टी-चिमूरमधले इंग्रजांचे अत्याचार दडपलेल्या देशाला त्यानेच ऐकवले. उषाबाईंनी त्यासाठी कारावास सोसला. कायद्याच्या भाषेत हे दोन्ही रेडिओ चोरटे होते. आमच्या भाषेत ते देशाचे कंठ होते.

म्हणून इराणातून परागंदा झालेल्यांना ‘परदेशात बसून बोलणारे’ म्हणून हिणवण्याचा अधिकार आपल्याला नाही. परंतु आंधळी भक्तीही आम्हाला मान्य नाही. परक्याच्या यंत्रावरून बोलणाऱ्याला परक्याची किंमत मोजावी लागते. सुभाषबाबूंनी 1942 मध्ये बर्लिनहून आझाद हिंद रेडिओवर हाक दिली, त्या केंद्रावरून मराठीतही वार्ता येत. नेताजींच्या देशभक्तीवर डाग नाही. पण यंत्र हिटलरचे होते, आणि त्याने चालवलेल्या ज्यूंच्या संहाराविषयी त्यावरून ब्र निघणे शक्य नव्हते. मुजाहिदीन-ए-खल्क या इराणच्या विरोधी संघटनेने तर इराण-इराक युद्धकाळात सद्दामच्या इराकात तळ ठोकून आपल्याच देशाविरुद्ध रेडिओ चालवला. सामान्य इराण्याने ते आजतागायत माफ केलेले नाही. ‘इराण इंटरनॅशनल’वरही सौदी पैशाचा आरोप आहे. जो स्वातंत्र्याच्या नावाने माइक हाती घेतो, त्याने पैसा कोणाचा हे श्रोत्याला सांगितलेच पाहिजे. यात सवलत नाही, मग तो कितीही शूर असो.

आणि याहून कठोर धडा खोमेनींचा आहे. 1978 मध्ये पॅरिसजवळच्या नोफ्ल-ल-शातो या खेड्यात बसून त्यांनी भाषणे केली. त्यांच्या कॅसेटी मशिदी-मशिदींतून, बाजारा-बाजारांतून हातोहात फिरल्या आणि शहाचे सिंहासन कोसळले. हद्दपारीतल्या आवाजाचा याहून मोठा विजय विसाव्या शतकाने क्वचितच पाहिला असेल. 1 फेब्रुवारी 1979 ला ते तेहरानला उतरले. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये ‘आयंदेगान’ हे दैनिक बंद पाडण्यात आले. पुढे घराच्या गच्चीवर डिश लावणेही गुन्हा ठरला. चोरट्या कॅसेटींनी ज्यांना गादीवर बसवले, त्यांनीच सर्वांच्या तोंडाला कुलूप घातले.

वाचकहो, आता हाच आरसा आपल्यासमोर धरतो. ज्या पक्षाचे नाव उषाबाईंच्या रेडिओने अभिमानाने मिरवले, त्याच पक्षाच्या सरकारने 1975 च्या आणीबाणीत आकाशवाणीला आपली दासी केले. मग जनता पक्ष आला, आघाड्या आल्या, भाजप आला. प्रसारभारतीचा कायदा 1990 चा, पण तो अमलात यायला 1997 उजाडले. 1995 मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती पी. बी. सावंतांनी ध्वनिलहरी ही जनतेची मालमत्ता असल्याचा निवाडा दिला. तरीही या देशात खासगी एफएम केंद्राला आणि गावकऱ्यांच्या सामुदायिक रेडिओला आपली स्वतःची बातमी सांगता येत नाही! आकाशवाणीचीच बातमी लावायची, एवढीच मुभा. हवामान, वाहतूक, आपत्तीच्या सूचना चालतात. ग्रामपंचायतीचा निधी कुठे मुरला, हे चालत नाही. दूरसंचार नियामकाने 2023 मध्ये खासगी एफएमसाठी तासाला दहा मिनिटे बातम्यांची शिफारस केली, म्हणजे तेवढेही नागरिकाने मागून घ्यायचे. वर्तमानपत्राला जे स्वातंत्र्य, चोवीस तास ओरडणाऱ्या टीव्हीला जे स्वातंत्र्य, ते होडीवरच्या ट्रान्झिस्टरला का नाही? याचे प्रामाणिक उत्तर एकच आहे. रेडिओ गरिबाच्या हाती असतो, त्याच्या बोलीत बोलतो, आणि सत्तेला गरिबाच्या बोलीतल्या प्रश्नाचेच सर्वांत जास्त भय वाटते.

रवांडाचे उदाहरण काढून आम्हाला घाबरवू नका. 1994 च्या नरसंहारात तिथे द्वेष पेरणारे रेडिओ केंद्र सत्तेच्या वर्तुळातलेच होते. खोटे बोलणाऱ्याला, दंगल पेटवणाऱ्याला वर्तमानपत्राइतकीच शिक्षा करा. त्यासाठी साऱ्यांचे तोंड शिवण्याची गरज नाही.

3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ याच किनाऱ्यावर आदळले. श्रीवर्धन, दिवेआगर, मुरूड, म्हसळ्यातल्या नारळी-पोफळीच्या बागा भुईसपाट झाल्या. मोबाइलचे मनोरे मुके झाले आणि कित्येक गावे आठवडेच्या आठवडे अंधारात राहिली. 22 जुलै 2021 ला महाडजवळच्या तळियेवर डोंगर कोसळला, तेव्हा रस्ते आणि फोन दोन्ही तुटलेले होते. मदत पोचायला दुसरा दिवस उजाडला. अशा किनाऱ्यावर गावाचा स्वतःचा रेडिओ हवा. त्यावरून वादळ येते आहे एवढेच सांगून भागत नाही. वादळ गेल्यावर पंचनाम्यात कोणाची बाग गाळली, भरपाई कोणत्या टेबलावर अडकली, निवारा केंद्राचे बांधकाम का थांबले, हेही त्याच रेडिओने सांगितले पाहिजे. आजच्या नियमांत पहिले चालते, दुसऱ्याने परवाना धोक्यात येतो. या नियमाला आम्ही कायदा मानत नाही. स्वातंत्र्यसैनिकांच्या वारसांनी परक्या राजवटीकडून उचललेली ही बेडी आहे.

आमची मागणी स्पष्ट आहे. सामुदायिक आणि खासगी रेडिओवरील बातमीबंदी केंद्र सरकारने उठवावी. परवाना मागणाऱ्याने आपला पैसा जाहीर करावा, ही अट जरूर घाला. मजकुराची अट घालू नका. रायगडच्या खासदारांनी येत्या अधिवेशनात हा प्रश्न विचारावा. रेवदंडा, मुरूड, श्रीवर्धनच्या मच्छीमार सहकारी सोसायट्यांनी आणि किनाऱ्यावरच्या प्रत्येक ग्रामसभेने बातमीबंदीविरुद्ध ठराव करून तो जिल्हाधिकाऱ्यांमार्फत दिल्लीला धाडावा. या ठरावांना आम्ही या स्तंभात जागा देऊ. लोकप्रतिनिधी गप्प राहिले, तर त्यांची नावेही इथेच छापू.