जहाजाची तारीख

दिल्लीत राहणाऱ्या मराठी माणसाला झेलम एक्सप्रेसचे वेळापत्रक पाठ असते आणि ती उशिरा येते हेही पाठ असते. तरीही त्याचे फारसे बिघडत नाही. गाडी चार तास उशिरा आली, तर तो चार तास फलाटावर बसतो आणि त्याच गाडीने पुण्याला पोहोचतो. कंटेनर जहाजांच्या वेळापत्रकाकडे आम्ही अधिकारी मंडळी बरीच वर्षे याच दृष्टीने पाहत आलो. ही समजूत किती अपुरी आहे, हे मला मुरादाबादच्या एका निर्यातदाराने शिकविले.

पितळी वस्तूंचे हे व्यापारी काही वर्षांपूर्वी एका बैठकीनंतर फाइल घेऊन माझ्याकडे आले. लेटर ऑफ क्रेडिटप्रमाणे त्यांचा माल 30 सप्टेंबरपर्यंत जहाजावर चढणे आवश्यक होते. वेळापत्रकात तारीख होती 24 सप्टेंबर. ती 27 झाली, नंतर 29 झाली आणि अखेर ते जहाज न्हावा शेव्याला न थांबताच पुढे निघून गेले. कंटेनर पुढच्या जहाजावर 3 ऑक्टोबरला चढला. बिल ऑफ लेडिंगवर ती तारीख दिसताच बँकेने कागदपत्रांत विसंगती दाखविली आणि ग्राहकाने सूट मागितली. नाताळसाठी मुद्दाम घडविलेल्या मेणबत्तीदाण्या दुसऱ्या कोणाला विकणार? सूट द्यावी लागली. ते एवढेच म्हणाले, "साहेब, यात मी कोणत्या दिवशी उशीर केला तेवढे सांगा." फाइल दोनदा चाळूनही मला तो दिवस सापडला नाही.

छापील वेळापत्रकात डोळ्यांत भरते ती जहाज सुटण्याची तारीख. नियोजनाला तिचा उपयोग फार कमी. खरी तारीख असते कंटेनर आत घेणे बंद होण्याची, म्हणजे कटऑफची. समजा, जहाज रविवारी सुटणार आहे आणि टर्मिनलचे दार शनिवारी सकाळी बंद होते. उत्तरेतल्या आगारातून रेल्वेला तीन दिवस धरले, तर कंटेनर बुधवारी सकाळी निघाला पाहिजे. रेक भरण्याची वाट पाहण्यात दोन दिवस जातात, म्हणजे सोमवार. सीमाशुल्क तपासणीला एक दिवस हवा, पण रविवार गृहीत धरणे धोक्याचे, म्हणून शनिवार. तात्पर्य, माल कारखान्यातून आदल्या शुक्रवारी रात्री निघावा लागतो, जहाजाच्या नऊ दिवस आधी. कागदपत्रांच्या मुदती निराळ्या. 1 जुलै 2016 पासून भरलेल्या कंटेनरचे पडताळलेले वजन कळविल्याखेरीज तो जहाजावर चढविता येत नाही, आणि त्यालाही स्वतंत्र मुदत असते. पुन्हा, फार आधी पोहोचूनही चालत नाही, कारण टर्मिनलमधल्या जागेचे भाडे चढू लागते. जहाजाची तारीख तीन दिवसांनी सरकली की ही सारी साखळी विस्कटते, आणि माल तोपर्यंत रतलामच्या आसपास कुठेतरी रेल्वेत असतो.

तारखा सरकतात का, याचे उत्तर साध्या भागाकारात आहे. साप्ताहिक सेवेची पूर्ण फेरी 70 दिवसांची असेल, तर दर आठवड्याला एक जहाज मिळण्यासाठी 10 जहाजे लागतात. नोव्हेंबर 2023 पासून तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाले आणि 2024 मध्ये बहुतेक मोठ्या कंपन्यांनी युरोपची जहाजे केप ऑफ गुड होपला वळसा घालून नेली. फेरी 91 दिवसांवर गेली की जहाजे 13 लागतात. ती नसतील, तर काही आठवडे रिकामे जातात किंवा हरवलेला वेळ भरून काढण्यासाठी एखादे बंदर गाळले जाते. ज्या बंदरात माल कमी, ते गाळण्याचा मोह अधिक. यात कोणाचा दुष्टपणा नाही, हिशेब आहे. मात्र त्या हिशेबाची किंमत हिशेब करणारा भरत नाही. आपला छोटा निर्यातदार बहुधा एफओबी अटींवर विकतो. म्हणजे जहाज कंपनी निवडतो ग्राहक, आणि माल जहाजावर चढेपर्यंतची जोखीम मात्र विक्रेत्याची!

अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला येथे सरासरी आणि विचलन यांतील फरक आठवावा. आम्ही मात्र तो विसरतो. आमच्या अहवालांत बंदरातील सरासरी मुक्काम किती तासांनी घटला याचे आलेख असतात, आणि ती घट खरी आहे, कष्टाने मिळविलेली आहे. पण दर वेळी 30 दिवस लागणारा मार्ग व्यापाऱ्याला परवडतो. कधी 22 तर कधी 36 लागणारा परवडत नाही, जरी त्याची सरासरी 29 भरली तरी. जादा साठा, जादा व्याज, जादा विमानभाडे हे सारे विचलनाचे मोल आहे. 2021 मध्ये जगभरातील कंटेनर जहाजांपैकी जेमतेम एक-तृतीयांश जहाजे वेळेवर पोहोचत होती. हा आकडा खासगी विश्लेषकांनी काढला. आपल्या बंदरांपुरता असा आकडा आपण काढून लोकांपुढे ठेवावा, असे मला वाटते.

साधने नाहीत असे नाही. जहाज कधी धक्क्याला लागले, कधी सुटले याची नोंद प्रत्येक बंदरात होते. 2016 पासून लॉजिस्टिक्स डेटा बँकेत कंटेनरच्या हालचाली टिपल्या जातात. कमी आहे ती जाहीर तारखेशेजारी प्रत्यक्ष तारीख मांडून दरमहा, सेवेनुसार प्रसिद्ध करण्याची. विमान कंपन्यांच्या वक्तशीरपणाचे आकडे नागरी विमान वाहतूक महासंचालनालय दर महिन्याला देतेच. जहाज कंपन्या परदेशी आहेत, समुद्राचे काही सांगता येत नाही, असा आक्षेप बैठकीत हमखास येतो. मी दंड मागत नाही. कोणत्या सेवेने वर्षभरात किती वेळा न्हावा शेवा किंवा मुंद्रा गाळले, हे मुरादाबादच्या माणसाला सौदा करण्यापूर्वी कळावे, एवढीच मागणी आहे. मोठ्या निर्यातदाराला ते आजही कळते, कारण त्याच्याकडे ते पाहणारा माणूस पगारावर असतो.

ते गृहस्थ पुढे एकदा पुन्हा भेटले. आता ते लेटर ऑफ क्रेडिटमध्ये अखेरची तारीख पंधरा दिवस पुढची मागून घेतात. ग्राहक ती देतो, आणि तेवढे किमतीतून कापून घेतो.