काळाच्या माथी खापर

अमेरिकेतील गुराख्यांच्या घोडदौडीचे ते दहा-बारा मिनिटांचे जुने मूकपट! त्यांचा विषय निघाला, की आमची सुशिक्षित मंडळी दोन ठराविक उद्गार काढतात. पहिला, तो निव्वळ पोरखेळ होता. दुसरा, त्यांत तेथील मूळ रहिवाशांना राक्षस म्हणून रंगविले हे खरे. पण तो काळच तसा होता! यांपैकी पहिला उद्गार अज्ञानाचा आहे, दुसरा अन्यायाचा.

पहिल्याचा समाचार थोडक्यात घेता येतो. एडविन पोर्टर याने १९०३ साली 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' हा सुमारे बारा मिनिटांचा पट काढला. दरोडेखोर लूट घेऊन पसार होतात. मग जखडून टाकलेल्या तारमास्तराची लहान मुलगी येऊन त्याला सोडविते. स्थळामागून स्थळ दाखवीत, एका शब्दावाचून, कथा पुढे सरकते. याला पोरखेळ म्हणणाऱ्याने तसा एक खेळ रचून दाखवावा!

या पटाचे चित्रण बहुतांशी न्यू जर्सीत, म्हणजे देशाच्या पूर्व टोकास झाले होते. पडद्यावरची 'पश्चिम' ही सापडलेली नव्हती, रचलेली होती. आणि रचणारा म्हटला की निवड आलीच.

आता ती निवड पाहा. ग्रिफिथच्या १९१३ सालच्या 'द बॅटल ॲट एल्डरबुश गल्च' या पटात मूळ रहिवासी कुत्री मारून खाणारे, वसाहतीवर तुटून पडणारे रानटी आहेत. परंतु त्याच्या तीन वर्षे आधी, १९१० साली, पूर्वजांकडून मूळ रहिवाशांशी नाते असलेल्या जेम्स यंग डियरने 'व्हाइट फॉन्स डिव्होशन' काढला होता. त्यात डाकोटातील एका गोऱ्या वसाहतवाल्याची पत्नी मूळ रहिवाशांपैकी आहे. नवरा वारसा घेण्यास निघाला, आता परतणार नाही, या भयाने ती स्वतःवर सुरी चालविते. पण ती वाचते, नवऱ्यावरील खुनाचा आळ दूर होतो आणि संसार टिकतो. हा पट पाते फ्रेर या बड्या कंपनीने काढला होता. तो कोणा एकांड्या शिलेदाराचा हट्ट नव्हता. २००८ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीतही त्याला स्थान मिळाले.

मग काळ कोणाचा होता? दोघांचाही! काळ पट काढीत नाही, माणसे काढतात. जे एकाला दिसले ते दुसऱ्याला दिसणे अशक्य नव्हते. ग्रिफिथच्या कौशल्याला आपण खुशाल दाद द्यावी. पण त्याच्या निवडीचे खापर काळाच्या माथी फोडू नये. ही सवलत आज आपण पूर्वजांस उदारपणे देतो, ती उद्या नातवंडांकडून आपल्याला मिळावी म्हणून तर नव्हे ना?